पहिल्यांदा समुपदेशकाकडे जाताय? भीड चपलांबरोबर बाहेर ठेवा

“हो हो, आता बरंच बरं वाटतंय.”

हे वाक्य ऐकलं की मी वहीच्या कोपऱ्यात एक छोटी फुली मारते. कारण दोन-तीन आठवड्यांत बरेचदा व्हॉट्सअॅप येतो, “मॅडम, घरी पाहुणे आलेत, नंतर कळवते.” ते पाहुणे काही परत जात नाहीत.

दादर पश्चिमेला एका जुन्या इमारतीच्या पहिल्या मजल्यावर माझी समुपदेशनाची खोली आहे. चौदा वर्षं झाली. माणसं दुखणं घेऊन येतात आणि सोबत भीडही घेऊन येतात. फी जड जातेय, पण बोलायचं नाही. माझा एखादा शब्द लागला, पण बोलायचं नाही. विषय भलतीकडे चाललाय हे दिसतंय, तरी ‘त्यांना आपल्यापेक्षा जास्त कळतं’ म्हणून मान डोलवत राहायचं. डॉक्टरांसमोर, मास्तरांसमोर, सासऱ्यांसमोर आपण असंच वागत आलोय आणि तिथे ते खपतंही. इथे खपत नाही. फ्रॅक्चर झालेल्या माणसाने डॉक्टरांना खोटंच ‘दुखत नाही’ म्हटलं तरी एक्स-रे खरं सांगतो. माझ्याकडे एक्स-रे नाही, तुम्ही जेवढं बोलाल तेवढंच.

तेव्हा पहिल्यांदा जाणाऱ्यांसाठी हे सगळं क्रमाने लिहितेय. खुर्चीच्या पलीकडच्या बाजूने लिहितेय खरं, पण तीन वर्षं मी स्वतः क्लायंट होते आणि पहिले दोन महिने तिथे शहाण्या मुलीसारखी वागण्यात घालवले होते. लेखात येणाऱ्या माणसांचे तपशील ओळख पटणार नाही इतके बदललेत.

कोणाकडे जायचं

तीन पाट्या दिसतील. मानसोपचारतज्ज्ञ म्हणजे एमबीबीएसनंतर मानसोपचारात पुढचं शिक्षण घेतलेले डॉक्टर. गोळ्या तेच लिहून देऊ शकतात आणि त्यांची नोंद महाराष्ट्र वैद्यक परिषदेत असते. चिकित्सा मानसशास्त्रज्ञ म्हणजे क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट. यांची नोंद भारतीय पुनर्वास परिषदेकडे असते. तिसरे आम्ही, समुपदेशक. कोणी मानसशास्त्रात एमए केलेलं असतं, कोणी समाजकार्यात, कोणी समुपदेशनाची पदविका घेतलेली असते. आणि कोणी, खरं सांगायचं तर, दोन दिवसांच्या कार्यशाळेचं प्रमाणपत्र भिंतीवर लावलेलं असतं. म्हणून शिक्षण विचारायचं. विचारल्यावर समोरचा नाराज झाला, तर तुमचं काम फोनवरच झालं.

अजून एक विचारा: “तुम्ही सुपरव्हिजन घेता का?” आम्ही आमचं काम ठरावीक काळाने एखाद्या अनुभवी सहकाऱ्यापुढे मांडतो, क्लायंटचं नाव न सांगता. कुठे चुकतंय, कुठे आपलंच काही मध्ये येतंय, हे तिथे कळतं. ‘मला आता त्याची गरज नाही’ असं म्हणणाऱ्यापासून मी तरी लांब राहीन.

खर्चाचं म्हणाल तर मुंबईत खासगीत पन्नास मिनिटांच्या सेशनला हजार ते तीन हजार रुपये सर्रास पडतात, काही ठिकाणी त्याहूनही जास्त. झेपणार नसेल तर केईएम, शीव, नायर, जेजे या रुग्णालयांत मानसोपचाराची ओपीडी आहे. केसपेपर काढावा लागतो, रांग असते, दर वेळी तेच डॉक्टर भेटतील असं नाही, पण उपचार मिळतात. ठाण्याची आयपीएच (इन्स्टिट्यूट फॉर सायकॉलॉजिकल हेल्थ) ही संस्था १९९० पासून काम करतेय. देवनारच्या टाटा समाजविज्ञान संस्थेने (टिस) २०१२ मध्ये सुरू केलेली आयकॉल ही हेल्पलाइन फोनवर मोफत समुपदेशन देते. शिवाय अनेक खासगी समुपदेशक काही जागा कमी फीच्या ठेवतात. मीही ठेवते. दारावर पाटी नसते एवढंच, विचारावं लागतं.

पहिला मेसेज

लांबलचक लिहायची गरज नाही. एवढं पुरे: “नमस्कार. मला समुपदेशनासाठी भेटायचं आहे. मराठीत बोलता येईल का? फी किती, वेळ किती, संध्याकाळी सातनंतरची वेळ मिळेल का, आणि ऐन वेळी यायला जमलं नाही तर काय पद्धत आहे?” दुखणं मेसेजमध्ये ओतू नका. अर्ध्या रात्री लिहून टाकलेलं सकाळी वाचून माणसं इतकी ओशाळतात की पुढे येतच नाहीत.

मराठीचा प्रश्न लाजायचा नाही. ऑफिसमध्ये दिवसभर इंग्रजी झाडणारी माणसंसुद्धा आईविषयी बोलताना मराठीवर येतात. उलटही होतं. काही जणांना शरीराविषयी, लैंगिक गोष्टींविषयी इंग्रजीत बोलणं सोपं जातं, कारण मराठीत त्या शब्दांना एक तर शिवीचा वास असतो नाहीतर पाठ्यपुस्तकाचा. दोन्ही चालतं. एकाच वाक्यात दोन्ही आलं तरी चालतं.

बसायचं कुठे?

ऑनलाइन सेशन घेणाऱ्यांसाठी मुंबईत हा सगळ्यात अवघड प्रश्न आहे आणि पुस्तकांत त्याबद्दल फारसं काही नसतं. वन रूम किचनमध्ये पाच माणसं, मधल्या दाराला पडदा, आणि बोलायचं त्या पाचांपैकीच एकाबद्दल. माझे क्लायंट कुठून बोलतात सांगू? सोसायटीच्या पार्किंगमध्ये उभ्या गाडीतून. गच्चीवर पाण्याच्या टाकीमागून. ऑफिसच्या मीटिंग रूममधून, भिंत काचेची म्हणून पाठ करून, म्हणजे डोळे पुसलेले दिसत नाहीत. एक काकू मैत्रिणीच्या घरी ‘भजनाला’ जातात आणि आतल्या खोलीतून मला फोन लावतात.

इअरफोन लावा म्हणजे निदान माझा आवाज बाहेर जाणार नाही. व्हिडिओचा हट्ट नको, नुसता आवाजही पुरतो. आणि पहिल्याच भेटीत एक खुणेचं वाक्य ठरवून घ्या. माझी एक क्लायंट कोणी खोलीत आलं की म्हणते, “हो, तो रिपोर्ट उद्या पाठवते.” मग मी गप्प बसते किंवा हवापाण्याचं बोलते. कोणी ऐकत असताना खरं बोलायचा प्रयत्न केलात, तर पन्नास मिनिटं गुळमुळीत जातात आणि ‘समुपदेशनाचा काही उपयोग नाही’ हे मत पक्कं होतं.

प्रत्यक्ष यायचं असेल तर स्टेशनपासून चालत जाता येईल अशी जागा बघा. हा सल्ला मानसशास्त्राचा नाही, पश्चिम रेल्वेचा आहे. सहा महिने दर आठवड्याला दोनदा गाडी बदलून जाणं उत्साहाच्या भरात सोपं वाटतं. रविवारची वेळ घेणार असाल तर मेगाब्लॉक विसरू नका.

पहिली भेट: कोणाला काय कळणार

पहिल्या भेटीत एक फॉर्म आणि एक संमतीपत्र समोर येईल. डोळे झाकून सही करू नका. त्यात गोपनीयतेचा परिच्छेद असतो, तो वाचा आणि न समजलेलं विचारा. मानसिक आरोग्य सेवा कायदा २०१७ चा, अमलात आला मे २०१८ मध्ये. त्याच्या २३व्या कलमात तुमच्या मानसिक आरोग्याची आणि उपचारांची माहिती गोपनीय राहण्याचा हक्क दिला आहे. तो निरपवाद नाही. तुमच्या किंवा दुसऱ्या कोणाच्या जिवाला धोका असेल तर आम्हाला कोणाला तरी सांगावं लागतं. लहान मुलाच्या लैंगिक शोषणाची माहिती समोर आली, तर २०१२ च्या पॉक्सो कायद्याने ती पोलिसांपर्यंत नेणं बंधनकारक आहे. न्यायालयाने आदेश दिला तर त्यापुढेही आमचं चालत नाही. हे अपवाद समुपदेशकाने आपणहून सांगायला हवेत. नाही सांगितले तर तुम्ही विचारा.

कागदावरचं एवढं. प्रत्यक्षात अडचण वेगळीच येते. एका तेवीस वर्षांच्या मुलीची फी तिची आई भरायची. दुसऱ्या सेशननंतर आईचा फोन: “मॅडम, मी काही विचारत नाही हं. फक्त एवढंच सांगा, त्या मुलाचं काही बोलली का?” मी म्हटलं, “काकू, तिचं बोलणं मी तुम्हाला सांगणार नाही आणि तुमचा फोन आला होता हे तिला सांगणार आहे.” पलीकडे शांतता. मग, “पैसे मी भरते.” मी म्हटलं, “हो, त्याची पावती मी तुमच्या नावाने देते.” काकू रागावल्या. मुलीला मी फोनचं सांगितलं, तेव्हा ती पहिल्यांदा खुर्चीत मागे टेकून बसली.

तेव्हा पहिल्याच भेटीत विचारा: “माझ्या घरच्यांनी फोन केला तर तुम्ही काय सांगाल?” उत्तर गुळगुळीत आलं तर पुन्हा विचारा.

आणखी एक विचारून ठेवायचं. रस्त्यात भेट झाली तर? मुंबई मोठी असली तरी दादर लहान आहे. भाजी घेताना, सुविधा दुकानाच्या पायऱ्यांवर, सहा बावन्नच्या महिला डब्यात माझी आणि क्लायंटची गाठ पडतेच. माझा नियम असा की मी आपणहून ओळख दाखवत नाही. तुम्ही हसलात तर मीही हसेन. शेजारी सासूबाई असतील तर तुम्ही खुशाल पलीकडे बघा, मला वाईट वाटत नाही.

ताई म्हणू का?

इंग्रजीत ‘यू’ म्हटलं की भागतं. आपल्याकडे पहिल्या वाक्यातच नातं ठरवावं लागतं. मॅडम म्हटलं तर ऑफिससारखं वाटतं, बाई म्हटलं तर शाळेसारखं, नावाने हाक मारायला जीभ वळत नाही, मग उरतं ताई. मला बहुतेक जण ताई म्हणतात आणि मी ते चालवून घेते. पण ताई म्हटलं की घर मागोमाग येतं. ताईला फराळाचा डबा, ताईला बारशाचं आमंत्रण. आणि मुख्य म्हणजे ताईचं मन मोडायचं नाही, ताईवर चिडायचं नाही. तुम्ही ताई म्हणा, मात्र ताईशी भांडता येईल ना, हे आधी मनाशी बघून घ्या. वयाने मोठे असाल आणि समुपदेशक पंचविशीतली असेल तर तिने तुम्हाला काका म्हणावं की नावापुढे राव लावावं, हेही सरळ सांगा. एका निवृत्त गृहस्थांना ‘काका’ ऐकलं की आपण म्हातारे झाल्यासारखं वाटायचं. सहा सेशन त्यांनी ते सोसलं.

फराळाचं विचाराल तर दोन लाडू मी खाते. साडी परत करते. लग्नाला जात नाही. प्रत्येकाचा नियम वेगळा असतो, विचारून घ्या म्हणजे डबा परत आल्यावर अपमान वाटणार नाही.

जाता जाता एक कडू गोष्ट. “तुमचं गाव कुठलं? आडनाव?” हा प्रश्न फॉर्मवर ठीक आहे. पण तो दोन-तीन वेळा घोळवून विचारला गेला, तर कशासाठी विचारला जातोय हे आपल्याकडे सगळ्यांना कळतं. जातीवरून सोसलेलं सांगताना समोरचा ‘आता कुठे राहिलंय तसं’ म्हणाला, तर त्याला एकदा समजावून बघा, दुसऱ्यांदा नको.

काय हवंय?

१९७९ मध्ये एडवर्ड बोर्डिन या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने थेरपिस्ट आणि क्लायंट यांच्या कामाच्या नात्याचे तीन धागे सांगितले. कुठे पोचायचंय याबद्दल एकमत, त्यासाठी काय करायचं याबद्दल एकमत आणि दोघांमधला विश्वास. लोक तिसऱ्याची वाट बघत बसतात. मन जुळलं की बाकी आपोआप होईल असं त्यांना वाटतं. माझा अनुभव उलटा आहे. पहिले दोन स्पष्ट असले की विश्वास मागून चालत येतो.

म्हणून जाण्याआधी कागदावर तीन-चार ओळी लिहा. ‘मनःशांती हवी’ असं लिहू नका, ती मलाही हवी आहे. एका बँकेतल्या गृहस्थांनी आधी तेच लिहून आणलं होतं. आम्ही त्यावर अर्धा तास घासाघीस केली. शेवटी कागदावर उतरलं ते असं: ‘साहेबांची मेल आली की उघडायच्या आधी तीनदा पाणी प्यायला उठतो. ते एकदावर यायला हवं.’ यावर काम करता येतं आणि दीड महिन्याने मोजताही येतं.

मग येतो सल्ल्याचा प्रश्न. “तुम्हीच सांगा मॅडम, राजीनामा देऊ का नको?” आम्हाला शिकवतात की सल्ला द्यायचा नाही, माणसाला त्याच्या उत्तरापर्यंत जाऊ द्यायचं. क्लायंटला वाटतं, दीड हजार घेऊन ही बाई माझाच प्रश्न मला परत करतेय. यावर १९७३ मध्ये जसवंत सिंग नेकी या भारतीय मानसोपचारतज्ज्ञांनी लिहिलं होतं की आपल्याकडचा रुग्ण गुरूकडे जावं तसा येतो, मार्गदर्शनाच्या अपेक्षेने येतो, आणि पाश्चात्त्य पद्धतीचं हात राखून वागणं त्याला परकं वाटतं. मला ते अर्धं पटतं. झोपेची घडी कशी बसवायची, धाप लागल्यासारखं झालं तर काय करायचं, हे मी सरळ सांगते. राजीनाम्याचं सांगत नाही, कारण ईएमआय तुमचा आहे. तुम्हाला सल्ला हवा असेल तर तसं म्हणा, म्हणजे कुठल्या बाबतीत मिळेल आणि कुठल्या बाबतीत नाही हे समोरचा सांगेल. मनात ठेवून दर आठवड्याला निराश होऊन घरी जाऊ नका.

घरी करायला काही दिलं आणि झालं नाही, तर ‘झालं नाही’ म्हणून या. आदल्या रात्री बसून आठवड्याची डायरी एका शाईत भरून आणलेली मला ओळखू येते.

पैसे आणि घड्याळ

पैशांविषयी बोलताना सुसंस्कृत माणसं लैंगिक गोष्टींविषयी बोलावं तशीच चोरटी होतात, अशा अर्थाचं फ्रॉइडने १९१३ मध्ये लिहून ठेवलंय. तो प्रत्येक रुग्णाला एक तास जणू भाड्याने द्यायचा, रुग्ण आला नाही तरी त्या तासाचे पैसे घ्यायचा. आजही बहुतेक ठिकाणी चोवीस तास आधी कळवलं नाही तर फी पडते. पावसाचं काय, हे आधी विचारा. जुलैत हिंदमाताला पाणी भरलं आणि गाड्या थांबल्या, तर मी फी घेत नाही, फोनवर सेशन करते. सगळेच असं करतात असं नाही.

नोकरी गेली, फी जड व्हायला लागली, तर गुपचूप अंतर वाढवू नका. तोंडावर बोला. “पुढचे तीन महिने मला निम्मीच जमेल.” फार तर ‘नाही’ म्हणतील आणि दुसरं नाव सुचवतील.

आणि एक, खरी गोष्ट शेवटच्या पाच मिनिटांत काढू नका. हे सगळेच करतात. पंचेचाळीस मिनिटं ट्रॅफिक, मेव्हणा, पाणीकपात, आणि दाराच्या कडीला हात लावून: “एक सांगायचं राहिलं…”

लागलं ते सांगणं

आता ज्यासाठी हा लेख लिहायला घेतला ते.

लालबागला राहणारी एक बाई माझ्याकडे यायची. मूळची कणकवलीकडची, घरात मालवणी. माझ्यासमोर ती अगदी बेतून, शाळेत धडा वाचावा तशी मराठी बोलायची. एकदा नवऱ्याविषयी सांगता सांगता बोलून गेली, “नुसतो जीव घुसमटता…” आणि लगेच सावरून, “म्हणजे, घुसमटतो.” मी हसले. मला आनंद झाला होता. दोन महिन्यांत पहिल्यांदा तिचं खरं बोलणं कानावर आलं होतं. पण तो आनंद माझ्या डोक्यात होता. तिला दिसलं ते दादरच्या बाईचं हसू.

पुढची तीन सेशन वेळेवर आली. सगळं छान होतं. नवराही सुधारला होता म्हणे. चौथ्या वेळी पाहुणे आले.

पाच महिन्यांनी ती पुन्हा आली, वाईट अवस्थेत. आणि बसल्या बसल्या म्हणाली, “ताई, आधी एक बोलू? त्या दिवशी तुम्ही माझ्या बोलण्याला हसलात.” मला ते हसू आठवतही नव्हतं. मी सफाई द्यायला तोंड उघडलं आणि नशिबाने मिटलं. म्हटलं, “हसले असेन. तुम्हाला लागलं. मला कळायला हवं होतं.” मग त्या दिवशी आम्ही नवऱ्याविषयी बोललोच नाही. शाळेत पहिल्या दिवशी तिच्या बोलीला सगळा वर्ग कसा हसला होता, लग्नानंतर नवरा चारचौघांत तिचे शब्द कसे दुरुस्त करतो, आणि म्हणून ती कुठेच पूर्ण वाक्य का बोलत नाही, हे सगळं त्या तासात निघालं. आधीच्या दोन महिन्यांत यातलं काहीही माझ्यापर्यंत आलं नव्हतं. पुढे ती मालवणीतच बोलायची. मला अडलं तर मी विचारायचे आणि मग ती हसायची.

जेरेमी सॅफ्रन आणि ख्रिस्तोफर म्युरन या मानसशास्त्रज्ञांनी थेरपिस्ट आणि क्लायंटच्या नात्यातल्या अशा तड्यांचा बराच अभ्यास केला. त्यांच्या मते तडा दोन तऱ्हांनी दिसतो. एक तर माणूस समोरासमोर चिडतो, नाहीतर हळूच मागे सरतो, हो ला हो करतो. माझ्या खोलीत पहिला प्रकार क्वचित घडतो. दुसरा दर महिन्याला. आणि तडा जाणं वाईट नाही, तो बोलून सांधला गेला तर काम उलट पुढे जातं. या नात्याला एवढं महत्त्व का, तर २०१८ मध्ये २९५ अभ्यासांचा, तीस हजारांहून जास्त रुग्णांचा एकत्रित आढावा घेतला गेला. त्यात उपचाराची पद्धत कोणतीही असो, हे नातं आणि उपचाराचा परिणाम यांचा संबंध सातत्याने दिसला. संबंध मध्यम आहे, जादूचा नाही. नातं छान म्हणून सगळं बरं होतं असं कोणी म्हणत नाही.

तर सांगायचं कसं? आपल्याकडे तक्रारीची भाषा एक तर भांडणाची असते नाहीतर टोमण्याची. मधली वाक्यं आधी जिभेवर घोळवून ठेवावी लागतात. मी क्लायंटना ही देते: “मागच्या वेळी तुम्ही आईबद्दल जे म्हणालात ते घरी गेल्यावर लागलं.” “आज मला यावर बोलायचं नाहीये.” “तुम्ही मला समजून घेण्याआधीच उपाय सांगताय असं वाटतंय.” “हा व्यायाम मला बालिश वाटतो.” तोंडाने जमत नसेल तर आदल्या दिवशी मेसेज करा, “उद्या एक अवघड गोष्ट बोलायची आहे, मला आठवण करा.” मग सुटका नसते.

निघताना लोकलमध्ये स्वतःला चार गोष्टी विचारायची सवय लावा. आज माझं ऐकलं गेलं का? मला हवं होतं त्यावर बोलणं झालं का? ही पद्धत मला जमतेय का? एकूण आजची भेट कशी होती? स्कॉट मिलर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याच चार बाबींची एक छोटी मोजपट्टी तयार केली आहे, काही समुपदेशक ती सेशनच्या शेवटी भरून घेतात. मी घेते. सुरुवातीला सगळे दहापैकी दहा देतात. कोणी सात दिले की मला हायसं वाटतं.

यानंतर समोरचा काय करतो ते बघा. थांबला, विचारलं, ऐकून घेतलं, तर राहा. ‘हाच तर तुमचा प्रॉब्लेम आहे, तुम्हाला टीका सहन होत नाही’ असं ऐकवलं, तर एकदा सोडून द्या, दुसऱ्यांदा नको.

मध्यरात्र

समुपदेशक चोवीस तास उपलब्ध नसतो आणि तसं वचन देणाऱ्यापासून जपून राहा. रात्री दोन वाजता जगणं नकोसं वाटलं तर व्हॉट्सअॅपवर माझ्या निळ्या खुणेची वाट बघू नका. १४४१६ हा टेलिमानसचा क्रमांक फिरवा. केंद्र सरकारची ही सेवा ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे, मोफत आहे, दिवसरात्र चालते, मराठीतही बोलता येतं. फोनमध्ये आत्ताच जतन करा, आणि नाव काय द्यायचं ते घरात फोन कोण कोण बघतं त्यावर ठरवा.

कधी उठून जायचं

यात भिडेचा प्रश्नच नाही. समुपदेशकाने जवळीक साधायचा प्रयत्न केला, उसने पैसे मागितले, विमा किंवा फ्लॅट विकायला काढला, मानसोपचारतज्ज्ञांना न विचारता त्यांच्या गोळ्या बंद करायला सांगितल्या, अमुक जप केल्याशिवाय गुण येणार नाही म्हणाला, तुम्ही समलिंगी आहात म्हणून तुम्हाला ‘बदलून’ देतो म्हणाला, तर त्या क्षणी उठा. कारण देत बसू नका. पाहुणे आलेत म्हणा हवं तर, इथे चालेल.

बाकी, नुसतं जमत नाही असंही असतं. तीन-चार भेटी द्या, बोलून बघा, तरी ओढून आणल्यासारखं वाटत असेल तर बदला. त्यात विश्वासघात वगैरे काही नसतो. माझ्याकडून गेलेले दोघं-तिघं माझ्याच मैत्रिणीकडे व्यवस्थित मार्गी लागलेत.

निरोप

थांबायचं ठरलं की एक भेट त्यासाठी राखून ठेवा, मेसेजवर संपवू नका. त्या भेटीत सुरुवातीचा कागद काढायचा. बँकेतल्या गृहस्थांचं पाणी प्यायला उठणं एकदावर आलं नव्हतं, दोनदावर अडकलं होतं. ते म्हणाले, “दुसऱ्यांदा मला खरंच तहान लागते हो.” आम्ही तिथे थांबलो.

निघण्यापूर्वी तीन व्यवहाराच्या गोष्टी विचारून घ्या. माझ्या नोंदी किती वर्षं आणि कुठे ठेवल्या जातील? उद्या दुसऱ्या शहरात गेलो तर उपचारांचा सारांश लिहून मिळेल का? (स्वतःच्या वैद्यकीय नोंदी मागण्याचा हक्क २०१७ च्या त्याच कायद्याच्या २५व्या कलमात आहे.) आणि सहा महिन्यांनी पुन्हा यावंसं वाटलं, तर जुनीच वेळ मिळेल की रांगेत उभं राहावं लागेल? माझ्याकडे रांगेत उभं राहावं लागतं. मंगळवार सकाळ तेवढी बहुधा मोकळी असते.